सत्तावीस नंबरची आई

दुपारी अडीचला ओट्यावरच्या पालथ्या भांड्यांतून एक वाटी घसरली आणि फरशीवर बराच वेळ गोल फिरत राहिली. बुऱ्हानपूरच्या लालबागेतल्या आमच्या दोन खोल्यांत तेव्हा पंख्याशिवाय कसलाच आवाज नव्हता. मोहित दचकून उठून बसला. वाटी पडली होती स्वयंपाकघरात, त्याच्या डाव्या हाताला. त्याने मान वळवली उजवीकडे, दक्षिणेच्या कोऱ्या भिंतीकडे.

थोडा वेळ तो तसाच भिंतीकडे तोंड करून बसला. मग आडवा झाला आणि लगेच झोपून गेला.

चार वर्षांचं पोर. झोपेत दिशा कळत नाही, असं म्हणून मी वाटी उचलली आणि परत कामाला बसले.

मोहित शाळेतून येतो, वरणभात खाऊन झोपतो. ते दोन तास माझे. प्राणिशास्त्रात एम.एस्सी. केलं होतं, त्याचा एवढाच उपयोग झाला की पुण्याच्या एका प्रयोगशाळेसाठी मी घरी बसून उंदराच्या मध्यमेंदूचा नकाशा काढते. मध्यमेंदू म्हणजे तुरीच्या दाण्याएवढा ऐवज. त्याच्या केसाहून पातळ चकत्या करून काचेवर ठेवतात आणि त्यांचे फोटो मला पाठवतात. मी पडद्यावर पेनाने एकेका भागाची हद्द आखते. मधोमध पाण्याची एक बारीक वाट जाते. पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला जमिनीखालून पाणी आणणारा आपला कुंडी भंडाराच आठवला होता. त्या वाटेभोवती करडा भाग, भीतीचा आणि किंचाळण्याचा. वर छपरासारख्या चार टेकड्या. मागच्या दोन ऐकतात. पुढच्या दोन मान कुणीकडे वळवायची ते ठरवतात.

त्या पुढच्या टेकड्यांवर माझा फार जीव. तिथे सगळं जग दिशांनी मांडून ठेवलेलं असतं. डावीकडून आवाज आला की उजव्या टेकडीतल्या ठरलेल्या जागेवरच्या पेशी जाग्या होतात. मरण्याआधीच्या तासाभरात ज्या जाग्या झाल्या त्या रंग दिल्यावर काळ्या ठिपक्यांसारख्या दिसतात. कुठला उंदीर शेवटी कोणीकडे कान लावून होता, हे मला इथे बसून सांगता येतं.

पण मला माझ्या मुलीची जागा सांगता येत नव्हती.

ती फेब्रुवारीत झाली आणि नवव्या दिवशी गेली. पाळणा आणून ठेवलेला होता. भूषण, माझा नवरा, आणि देडतलाईहून आलेले सासरे तिला घेऊन गेले. एवढ्या लहान बाळाला अग्नी देत नाहीत, पुरतात. आणि कुठे पुरलं ते आईला सांगत नाहीत. आई तिथे जाऊन बसायला लागते, मग घरातल्या पोराकडे तिचं लक्ष राहत नाही, असं म्हणतात. मी भूषणला तीनदा विचारलं. तिसऱ्यांदा तो भरल्या ताटावरून उठला. त्यानंतर मी विचारणं सोडलं. ते घशात मात्र तसंच राहिलं. भाजी चिरताना, मोहितची बटणं लावताना, सारखं एकच: कुठे?

वाटी पडली त्या दिवशी माझ्यासमोर सत्तावीस नंबरची उंदरीण होती.

त्या तुकडीत सगळ्या आयाच होत्या. उंदराची पिल्लं रडतात ते आपल्याला ऐकू येत नाही, इतका बारीक आवाज असतो. आयांना तो येतो. काहींना पिल्लांचं रडणं ऐकवलं होतं. सत्तावीसची पिल्लं काढून घेतली होती आणि तिला आवाज बंद केलेल्या पेटीत ठेवलं होतं. तिच्या टेकड्या जवळजवळ कोऱ्या असायला हव्या होत्या. तशा नव्हत्या. उजव्या टेकडीत एकाच जागी ठिपक्यांचा झुबका होता. एका चकतीत, पुढच्या चकतीत, तिच्याही पुढच्या.

आमच्या कामात एक चकती दोघी जणी आखतात, एकमेकींचं न बघता. दोन्ही हात जुळले तेवढंच नकाशात जातं. दुसरा हात रंजिताचा. ती नेपानगरची, वडील पेपर मिलमध्ये. आम्ही भेटलो कधीच नव्हतो, पण फोनवर बोलणं रोजचं.

"वैजूताई, माझी कॉपी मारता का हो?"

"तूच मारत असशील. परीक्षेची सवय गेली नाही तुझी."

"मजाक नाही ना. सत्तावीसचे तुमचे ठिपके एकशे बेचाळीस. माझे पण तेवढेच. एवढं कधी जुळतं का आपलं?"

नव्वद टक्के जुळलं तरी आम्ही खूश असायचो. प्रयोगशाळेच्या प्रभाकर सरांनी दोघींना एकच निरोप पाठवला. पेटीत आवाज नव्हता, रेकॉर्डिंग कोरं आहे, पुन्हा करा.

पुन्हा केलं. एकशे बेचाळीस. दोघींचे.

त्याच आठवड्यात मोहितचं माझ्या लक्षात आलं. तो गाडी खेळत असायचा, मी सत्तावीस उघडायची आणि गाडी थांबायची. त्याची मान त्या भिंतीकडे. पहिल्या दोन वेळा मी योगायोग म्हटलं. मग बटण तपासावं तसं तपासलं. फाइल बंद केली, त्याने मान सोडली. उघडली, वळवली. चार वेळा केलं. तो माझ्याकडे पाठ करून बसला होता, पडदा त्याला दिसतसुद्धा नव्हता.

"काय बघतो रे राजा?"

"बघत नाही. ऐकतो."

"काय?"

"ती रडून राहिली."

"कोण?"

मी मस्करी करते आहे असं त्याला वाटलं. तो हसला. "तुला माहिती आहे ना, मम्मी."

मी त्याला उचलून घेतलं. त्याच्या केसांना शाळेच्या मैदानाच्या धुळीचा वास येत होता. मी घाबरायला हवं होतं. पण माझ्या मनात आधी आलं ते हे, की तो एकाच दिशेला बघतो.

पुढे जे केलं त्याची मला लाज वाटते. मी ती फाइल फोनमध्ये घेतली. दुसऱ्या दिवशी शनवारा भागातल्या त्याच्या शाळेच्या ओट्यावर, त्याच्या बुटाचे बंद बांधता बांधता उघडली. तो वळला. घरी दक्षिणेला बघायचा, इथे थोडा पूर्वेला सरकून. मी शहराचा, आसपासच्या गावांसकट, नकाशा छापून आणला होता. त्यावर पट्टीने दोन रेघा ओढल्या, एक घरातून, एक शाळेतून. दोन दिवसांनी जुना कागद न बघता नव्या कागदावर परत ओढल्या आणि दोन्ही कागद खिडकीच्या काचेवर एकमेकांवर धरले. रेघेवर रेघ तंतोतंत बसली होती.

पण हात माझाच होता. आमच्या कामात एका हाताचं धरत नाहीत.

शुक्रवारी रंजिताचा फोन आला. आवाज उतरलेला.

"ताई, मी ही सत्तावीस नाही करणार आता. सरांना सांगून द्या."

"का गं?"

"तुम्ही हसाल."

"नाही हसत."

"माझी भाची आहे ना, दहा महिन्यांची. माझ्याजवळच रांगते. मी ही फाइल उघडली की ती खेळणं सोडून देते आणि खिडकीकडे बघते. रोज. वहिनी म्हणते, पोरीला नजर लागली. मला नाही आवडून राहिलं ते."

मोहितचं मी तिला काहीच सांगितलं नव्हतं.

"तुमची खिडकी कोणीकडे आहे, रंजिता?"

"तुमच्याकडे. बुऱ्हानपूरकडे. अगदी खिडकीकडे पण नाही. तिच्या डाव्या चौकटीकडे. का हो?"

मी तिच्याकडून घराची जागा विचारून घेतली, भाची बसते तिथून चौकटीचा फोटो मागवला. ती मला वेड्यात काढत होती, पण तिने पाठवला. तिसरी रेघ नेपानगरहून खाली उतरली, केळीच्या मळ्यांवरून आली आणि राजघाटाच्या वरच्या अंगाला, तापीच्या काठावर, पहिल्या दोन्हींना मिळाली. तिन्हींच्या मधे तांदळाचा दाणा मावला असता.

मी त्यावर बराच वेळ बोट ठेवून बसले.

भूषण केळी मंडईत गाड्या भरून द्यायचं काम करतो. संध्याकाळी आला, हातपाय धुतले, मोहितला खांद्यावर घेऊन दोन चकरा मारल्या. मी पोळ्या करत होते. नकाशाचा कागद मी पाटावर ठेवला होता, वर काही न लिहिलेला. नुसत्या तीन रेघा.

त्याने सहज उचलला. मग मोहितला खाली ठेवलं.

"हे कोणी सांगितलं तुला? बाबांनी?"

"नाही."

"मग?"

"तीच जागा आहे का?"

तव्यावरची पोळी करपायला लागली होती. त्यानेच पुढे होऊन गॅस बंद केला.

"तिथं बाभूळ होती," तो म्हणाला. "बाबा म्हणाले, मागं वळून बघू नको. मी बघितलं. एकदाच. ध्यानात राहावं म्हणून."

"होती म्हणजे?"

"काबर विचारते, वैजू?"

"सांग."

"ऑगस्टात पूर आला ना. तो काठच गेला. मी जाऊन आलो दोनदा. बाभूळ नाही, माती नाही, काहीच नाही. तुला काय सांगणार होतो मी? आधी बाबांमुळे नाही सांगितलं, मग सांगायला जागाच नाही राहिली."

तो मोठ्याने रडला नाही. टॉवेल तोंडावर धरून बसून राहिला. नऊ महिन्यांत मी एकदाही असा विचार केला नव्हता की त्याच्याही घशात काही अडकलं असेल. मी त्याच्याजवळ बसले. मोहितने करपलेली पोळी आणून त्याच्या हातात दिली.

शनिवारी मी प्रभाकर सरांना सत्तावीसचं काम परत केलं. लिहिलं, ठिपके जसेच्या तसे आहेत, कारण सांगता येत नाही. फाइल लॅपटॉपमधून काढली, फोनमधूनही काढली. आता पुरे, असं ठरवलं. एकदा जागा बघायची, नमस्कार करायचा.

रविवारी सकाळी नऊच्या सुमाराला आम्ही तिघं मोटरसायकलवर निघालो. राजघाटावर बायका धुणं धुत होत्या. तिथून काठाने पायी गेलो. थंडी नुकती लागलेली, उन्हाला अजून ताप नव्हता. पुढे काठ एकदम संपला. चाकूने कापावी तशी माती तुटलेली होती, तुटल्या जागी मुळं लोंबत होती आणि खाली पाणी होतं.

"तिथं," भूषण म्हणाला. त्याने दाखवलं ती जागा काठापासून दहा हात आत होती. संथ, मातकट पाणी.

मी हात जोडले. मनात म्हणायला काहीतरी आणलं होतं, ते आठवलं नाही.

मोहित खडे वेचत होता. मी त्याच्याकडे बघत राहिले. इतके दिवस ज्या दिशेला तो वळत होता, तिथे त्याला आणलं होतं. तो त्या पाण्याकडे एकदाही बघत नव्हता.

"मोहित. इथेच आहे ना ती?"

"नाही."

भूषणने माझ्याकडे बघितलं.

"मग कुठे?"

त्याने खडा टाकून दिला. मान वर केली आणि पाण्याकडे पाठ फिरवली. मग मान हळूहळू फिरत गेली, घाटाकडून शहराकडे, रस्त्याने जाणाऱ्या कोणाच्या मागे नजर जावी तशी.

माझा कुर्ता पुढून ओला झाला होता. नऊ महिन्यांपूर्वी गोळ्या देऊन बंद केलेलं दूध.

मोहितची मान उत्तरेला, लालबागेच्या दिशेला, येऊन थांबली.

"घरी पोचली," तो म्हणाला.

मोहितने माझ्या ओढणीचं टोक धरलं. त्याचा चेहरा काळजीने एवढासा झाला होता.

"मम्मी, आपण तर कुलूप लावून आलो ना? मग तिला आत कोण घेईल?"