डाव्या हातातला कप

शुक्रवारी चित्रीकरणात एरामूनने कॉफीचा कप उजव्या हाताने उचलला होता; सोमवारी, त्याच प्रसंगाच्या उरलेल्या भागात, डाव्या. सोलेनचं कामच ते... मालिकेत एका दृश्यातून दुसऱ्यात काही बदलत नाही ना, यावर लक्ष ठेवायचं. तिने चित्रीकरण थांबवलं नाही. दुपारी एकटा सापडल्यावर मात्र एरामूनला उजवा हात दाखवायला लावला. तळवा फुगून पावासारखा झाला होता.

"दारात सापडला," तो म्हणाला.

"दर रविवारी सापडतो वाटतं तुमचा?"

तो हसला आणि सगळं सांगून मोकळा झाला. नुसत्या हाताने भिंतीवर चेंडू मारायच्या खेळात तो दोनदा फ्रान्सचा विजेता होता. पडद्यावर डॉक्टर झाल्यापासून खेळायला करारानेच बंदी होती. तरी रविवारी आपल्या गावी, इत्सासूच्या भिंतीशी तो हजर असायचा. "दिग्दर्शकाला सांगू नकोस," म्हणताना तो 'तू'वर आला, आणि तिनेही ते चालवून घेतलं.

तेव्हापासून सोलेनच्या कृपेने मालिकेतल्या डॉक्टरच्या उजव्या काखेत कायम काहीतरी असायचं. वर्तमानपत्र, लांबडा पाव, एकदा तर पेशंटची कोंबडी.

मग सोलेनही रविवारी इत्सासूला जाऊ लागली. एरामूनची आई तिच्यापुढे मेंढीच्या दुधाचं चीज आणि काळ्या चेरीचा मुरंबा ठेवायची. सगळं छान चाललं होतं, पण शरद ऋतूत मालिका पॅरिसला हलणार होती आणि सोलेनही तिच्याबरोबर. येणार की नाही, असं निर्माता एरामूनला विचारत होता. राहणार ना, असं त्याचा चुलतभाऊ आणि खेळातला जोडीदार बतिता विचारत होता. दोघांना तो 'बघू' म्हणायचा. सोलेन विचारत नव्हती. त्याच्या उत्तरात तिला स्वतःचा रेटा नको होता.

जूनच्या शेवटच्या रविवारी एरामून आणि बतिता हरले. लोकांनी नेहमीसारख्या टाळ्या वाजवल्या. एरामून पायरीवर बसून गार पाण्याच्या बादलीत हात बुडवून होता. ती शेजारी टेकली.

"तुझ्या नजरेतून काही सुटत नाही," तो म्हणाला. "मग माझ्या खेळाबद्दल कधीच कशी बोलत नाहीस?"

"तू विचारलं नाहीस."

"आता विचारतोय."

तिने भिंतीकडे पाहिलं. "तुझा चेंडू भिंतीवर खाली लागतोय... वसंत ऋतूपासून. पूर्वीचा जोर नाही."

आपण फार बोललो का, असं तिला वाटून गेलं. पण घट्ट बूट काढल्यावर माणूस सोडतो तसा त्याने श्वास सोडला. त्यालाही ते कळत होतं म्हणे, पण आईपासून पाद्र्यापर्यंत सगळेच वाहवा करणारे, मग स्वतःचंच खरं मानवेना. त्याने बादलीतून हात काढला आणि तसाच, निथळता, तिच्या हातावर ठेवला. तिने तो राहू दिला.

तेवढ्यात बतिता टॉवेलने मान पुसत आला आणि पुढच्या रविवारचे बेत सांगू लागला.

"बतिता," एरामून म्हणाला, "दुसरा भिडू शोध. मी पॅरिसला चाललोय... हिच्याबरोबर."