हात लावला की घ्यायचं

संत मॅग्दालेनच्या सणाआधीचा शनिवार होता. नगराच्या घंटेचे सकाळचे नऊ टोले पडत होते आणि नवव्या टोल्याला मी माझं तीन महिन्यांचं मूल पावांच्या टोपलीत ठेवलं. जे झालं ते तिथून सुरू झालं.

तुम्ही म्हणाल, मूल कोणी पावांत ठेवतं का? मीही ठेवत नव्हते. पण आमच्या आविन्यों नगरातला उत्तरेचा वारा सुटला की तो कोणाचं ऐकत नाही. नदीच्या अंगाने बाजारात घुसला आणि आमच्या पावाच्या दुकानाच्या फळीवरचं कापड उचकटून नेऊ लागला. पोन्स, म्हणजे माझा नवरा, भट्टीवर. कापड धरायला दोन हात लागतात आणि माझ्या एका हातात इसार्न. टोपलीच्या तळाशी चार ऊन पाव होते, वर फडकं होतं. ऊब होती. ठेवला.

तोवर मी त्याला खाली ठेवलंच नव्हतं म्हणा ना. रात्रभर तो रडायचा, आणि रडायचा थांबला की मी बदकाचं पीस त्याच्या नाकापुढे धरून बसायचे. पीस हललं की जीव भांड्यात पडायचा. मग थोड्या वेळाने पुन्हा धरायचे. तीन महिन्यांत एक रात्र सलग झोपले नव्हते. उभ्या उभ्या डुलक्या यायच्या.

शनिवारी त्या घरच्या बाया बाजाराला यायच्या. ते घर म्हणजे नगराने चालवलेलं वेश्यांचं घर, न्हाणीघरांच्या गल्लीतलं. मीही तिथे पाच वर्षं काढली. पोन्सने लग्न करून मला बाहेर आणलं. अशा बाईशी लग्न करण्याचं मोठं पुण्य असतं म्हणून पाद्रीबाबांनी त्याची सगळी पापं माफ केली. मला मात्र माझ्या सासूने माफ केलं नाही.

बायांच्या डाव्या खांद्यावर लाल फीत असायची आणि हातात काठी. काठी दाखवायला. कारण नगराचा कायदा असा, की घरच्या बाईने बाजारात पावाला, फळाला हात लावायचा नाही. लावला की तो माल घ्यायचा, दुकानदार सांगेल त्या भावाने. घासाघीस नाही. माझं मनगट एकदा चुकून एका अंजिराला लागलं, तर अख्खी टोपली गळ्यात पडली, निम्मी आंबलेली. सहाजणींनी तीन दिवस अंजीर खाल्ले आणि चौथ्या दिवशी घर बंद ठेवावं लागलं. कशामुळे ते सांगत नाही.

"सांचे, तो पाव दे गं," पेरोना काठी रोखून म्हणाली. ती त्या घराची कारभारीण. सगळं गाव तिला 'मठाची आई' म्हणतं, आणि मठ कसला ते सगळ्या गावाला ठाऊक आहे. "तो नव्हे, तो नको. तो तुझ्या नवऱ्यासारखा आहे, वरून कडक आणि आतून कच्चा."

"माझ्या नवऱ्याला कशाला मध्ये आणता, आई?" मी दोरी दातांत धरून म्हटलं.

"आम्ही कुठे आणला? तूच पळवलास आमच्याकडून!"

सगळ्या खिदळल्या. शेजारचा फळवालाही हसला. वारा, हसणं, कापडाची फडफड, आणि त्या सगळ्यात टोपलीतून इसार्नचं रडणं.

ते रडणं थांबलं.

आईला आवाज थांबलेला आधी कळतो. मी वळले. टोपलीत एक हात होता. बारीक, गोरा, बोटांची टोकं सुरकुतलेली, फार वेळ पाण्यात राहिल्यासारखी. एकच बोट इसार्नच्या गालावर टेकलेलं. आणि इसार्न हसत होता. जन्मल्यापासून पहिल्यांदा, तोंड उघडून, दात नसलेलं हसू.

"हात लावला! हात लावला!" फळवाला ओरडला. "आता घ्यावं लागेल!"

दुकानांची अख्खी रांग हसायला लागली. बाजारशिपाई रोस्तां पोट सावरत आला. गमतीला कधी मागे न सरणारा माणूस. त्याने काठी आपटली आणि न्यायाधीशाच्या आवाजात सुरू केलं.

"फळी विक्रीची?"

"विक्रीची!" रांग ओरडली.

"टोपली फळीवर?"

"फळीवर!"

"मग टोपलीतला माल विक्रीचा. घरच्या बाईने हात लावला. बाई, माल घ्यावाच लागेल. ताजा आहे, आजचाच भाजलेला दिसतो!"

मीही हसले. झोप नसली की माणूस कशालाही हसतो.

ती बाई उन्हाकडे पाठ करून उभी होती. डोक्यावरचं कापड पुढे ओढलेलं, चेहरा दिसत नव्हता. त्या वाऱ्यात धुतलेली चादर घटकेत वाळत होती, पण तिच्या झग्याचा घेर गळत होता. थेंब थेंब. पूर ओसरल्यावर तळघरात जो वास राहतो ना, गाळाचा, तो आला.

"घेते मी..." ती हळू म्हणाली. "संध्याकाळच्या घंटेला येते... भाव ठरवून ठेव."

आणि चीजवाल्याची फळी ओलांडून विहिरीच्या बाजूला गेली.

"पेरोनाआई, नवीन आणलीत वाटतं?"

"कोण नवीन? माझ्या सहा. या बघ, सहाच्या सहा."

"ती काय आत्ता गेली ती. पिवळ्या फितीची."

पेरोनाने आधाराला हात टेकला तो थेट पावावर. रोस्तां समोरच होता. पण त्याने काठी आपटली नाही.

"पिवळी फीत," पेरोना म्हणाली, "मोठ्या साथीच्या आधी होती. मी लहान होते, घरात भांडी घासायचे. आता पिवळी कोणाकडे नाही गं."

मग तिने सांगितलं. एर्मेसेन नावाची बाई होती. तिला मुलगा झाला. तो काढून एका दाईकडे दिला, आणि ती दाई याच बाजारात चीज विकायची, मूल पाठीला बांधून. एर्मेसेन दर शनिवारी यायची, लांबून काठीने चीज दाखवायची. चीज तिला आवडतसुद्धा नव्हतं. मूल बघायला यायची. हात लावायची परवानगी नव्हती. एका शनिवारी पूर आला, दाईची फळी वाहून गेली, आणि एर्मेसेन पाण्यात शिरली. मूल दुसऱ्या कोणी आधीच वर काढलं होतं. तिला ते माहीत नव्हतं.

"पुरली कुठे?" मी विचारलं.

"आम्हाला पुरतात तिथे. चर्चच्या बाहेर, काठावर. तो काठ पुढे नदीने नेला."

मी इसार्नला उचलून छातीशी धरलं. तो अजून हसत होता.

"चेहरा कोणी पाहिला तिचा?" रोस्तांने विचारलं. फळवाल्याने घेर पाहिला होता, रोस्तांने बोट पाहिलं होतं. चेहरा कोणीच पाहिला नव्हता.

"मी गंमत केली गं," रोस्तां रडवेला झाला. "निकाल मागे घेतो."

"तुझी गंमत फार मोठ्याने होती," पेरोना म्हणाली. "तिने ऐकली."

पोन्स भट्टीवरून पिठाच्या हातांनी धावत आला. म्हणाला, घरी चला, दार लावू. पेरोना म्हणाली, "माल घ्यायला गिऱ्हाईक घरीही येतं. आणि तिला हौस नाही रे, तिच्यावर कायदा आहे. आमच्या घरची बाई बाजाराचा कायदा मोडत नाही, मेली तरी." पाद्रीबाबांना निरोप धाडला, तर त्यांनी उलटा निरोप धाडला की बाजारातल्या मालाचा तंटा त्यांच्याकडे येत नाही.

"पण भाव तुझा आहे," पेरोना मला म्हणाली. "कायद्याचा तोही अर्धा भाग आहे. तू सांगशील तो. ती हूं की चूं करू शकत नाही."

"हजार सोन्याची नाणी!" पोन्स म्हणाला.

"मेलेल्या बाईकडे नाणी कुठून? मग ती रोज संध्याकाळी इथे उभी राहील, मिळेपर्यंत. चालेल?"

पोन्सला चालणार नव्हतं.

त्या दिवशी कोणी दुकान आवरलं नाही. सहाही जणी माझ्याजवळ थांबल्या. फळवाल्याने द्राक्षं आणली, पैसे घेतले नाहीत. रोस्तांने स्वतःच्या पैशाने दारू आणली आणि आल्या आल्या जाहीर केलं, "आज ज्याला हवं त्याला हात लावा गं. मी आंधळा आहे." त्या बायांनी काठ्या टाकल्या. अहो, कशाकशाला हात लावला त्यांनी! पीच दाबून बघितले, पाव कुरवाळले, एकीने तर भोपळ्याला मिठी मारली. त्यांच्यातली जोआना गायला लागली, पेरोनाने ताल धरला. माझ्या लग्नातसुद्धा एवढी मजा आली नव्हती. भीती पोटात होती, पण हसूही पोटातूनच येत होतं.

मग सूर्य पुलाआड गेला. घंटा वाजली.

वारा थांबला. एकदम. सगळी कापडं खाली लोंबली. गाणं कुठे थांबलं कळलं नाही. गाळाचा वास आला. मी पाहत होते चीजवाल्याच्या बाजूला, आणि हात दिसला तो माझ्या कोपराशी, टोपलीच्या काठावर.

"आले मी..." 

इसार्न माझ्या हातांत होता. त्याने तिच्याकडे तोंड फिरवलं.

"भाव...?"

काय मागावं याचा दिवसभर विचार केला होता आणि काही सुचलं नव्हतं. डोळे झोपेने जळत होते. आणि जे तोंडातून निघालं ते झोपेनेच बोललं असेल.

"रात्री," मी म्हटलं. "याच्या सगळ्या रात्री. दात येतील त्या, ताप येईल त्या, उगाच रडेल त्या. उजाडेपर्यंत तू जागायचं. पाळणा तू हलवायचा, श्वास तू बघायचा, लंगोट तू धुवायचे. हा आपल्या पायाने, आपल्या मनाने घराबाहेर पडेल तोवर. एवढा भाव भर... आणि मग ने."

मग मागून पेरोना फिस्सकन हसली. "अगं बाई! आपल्या मनाने घर सोडणारा, म्हणजे चांगला मिशीवाला. त्याला कोण कुठे नेतंय!"

तोंडावरच्या कापडाआड काही हललं. ती हसली असावी. पाण्यात बुडबुडे फुटतात तसा आवाज आला.

"परवडलं..." ती म्हणाली.

त्या रात्री मी पडले ती तशीच. डोळे उघडले तर खिडकीत ऊन. पीस शोधायला उठले तर इसार्न पाळण्यात पाय झाडत गुणगुणत होता. दोरीवर लंगोट ओळीने वाळत होते, काठाला काठ जुळवून.

"तू उठलास रात्री?" मी पोन्सला विचारलं.

"मी? मला वाटलं तू."

आम्ही दोघं लंगोटांकडे बघत बसलो. मग तो हसायला लागला, मग मी. आठवडाभरात गल्लीभर झालं. लेकुरवाळ्या बाया भीत भीत येऊन विचारायच्या, टोपली एक दिवस भाड्याने मिळेल का? पेरोना म्हणायची, "तिला उभ्या जन्मात हात लावू दिला नाही कोणी. तू रात्रभर लावू दिलास. भाव कसला गं, बक्षीस दिलंस." सासूसुद्धा वितळली. चारचौघींत सांगते, माझ्या सुनेच्या दोरीवरच्यासारखे पांढरे लंगोट राजवाड्यातही नाहीत. मी अंगाने भरले. पोन्स म्हणतो, तुला आता गाढ झोपेत घोरताना ऐकणं हेच माझं सुख.

इसार्न सहा वर्षांचा झाला. दात आले, गोवर आला नि गेला, एकदा ताप डोक्यात चढला होता म्हणे, मला सकाळी कपाळावरची ओली पट्टी बघून कळलं. तो तिला 'रात्रीची आई' म्हणतो. मला कधी वाईट वाटलं नाही. दोन आया असलेलं पोर म्हणजे भाग्याचं.

फक्त भाव सांगताना माझी एक चूक झाली. किती वर्षांचा होऊन, ते सांगायचं राहिलं.

गेल्या मंगळवारी सकाळी भट्टीतून बाहेर आले तर इसार्न दारात उभा. बूट घातलेले, पावाचा तुकडा फडक्यात बांधलेला.

"कुठे रे निघालास, राजा?"

"जातो मी, आई."

"कोणाबरोबर?"

"कोणी नाही. माझ्या पायाने." थोडा थांबला, धडा आठवावा तसा. "माझ्या मनाने."

मी त्याला खसकन आत ओढलं. तो रडला नाही, उलट हसला. पण त्याचा उजवा हात खांद्याएवढा वर राहिला होता, मोठ्या माणसाचं बोट धरून चालतात तसा, आणि मी किती खाली दाबला तरी खाली येत नव्हता.

तेव्हापासून कडी लावून ठेवते. पण मी भट्टीवर जाते, आणि रात्री मला झोप लागते. फार गाढ लागते.

म्हणून विनंती. पुलावरचे जकातवाले, नावाडी, काठावर धुणं धुणाऱ्या बाया, तुमच्यापैकी कोणालाही सहा वर्षांचा, हात वर धरून एकटाच नदीकडे चाललेला मुलगा दिसला, तर त्याला पुढे जाऊ देऊ नका. तिच्यावर ओरडू नका, दगड मारू नका. माझं पोर तिनेच जगवलं आहे. तिला एवढंच सांगा, की सांचा म्हणते भाव अजून फिटला नाही, अजून पुष्कळ रात्री बाकी आहेत. आणि हे खालच्या घाटावर सांगा, त्यांना त्याच्या पुढच्या घाटावर सांगायला सांगा. नदी लांबवर जाते.