मास्तरांचा ठेका

भर दुपारी डान्स हॉलमध्ये जायचं आणि आपला ड्रमसेट घेऊन यायचा, काम एवढंच होतं. हॉल पाडायला काढला होता. ड्रमरनं मेव्हण्याला टेम्पो घेऊन बोलावलं.

उमेदीची सगळी वर्षं त्यानं त्या स्टेजवर काढली होती. खाली जोडपी नाचायची आणि त्यांच्या पायांचा लगाम याच्या हातात असायचा. बँडमास्तरांना ते कधीच पचलं नाही. ट्रम्पेट वाजवताना ते बुटाची टाच फळीवर आपटायचे, याच्यापेक्षा मुद्दाम जलद. "ढिला पडतोस," म्हणायचे, तेही चारचौघांत. शेवटी मालकानं मास्तरांनाच घरी बसवलं. जाताना ते ड्रमरच्या कानाशी आले. "तुझे हात मीच चालवणार. बघशील."

त्याच हिवाळ्यात ते वारले. ड्रमर त्यांना पोचवायलाही गेला नाही.

मेव्हणा खाली टेम्पो लावत होता. हॉलमध्ये पडदे ओढलेले, बुरशीचा कुबट वास. शेवटचं एकदा वाजवावं म्हणून ड्रमर बसला, संथ ठेका धरला.

ठक्.

मागच्या फळीवर.

"कोण आहे?"

ठक्... ठक्. जरा जलद. त्याचे हात आपसूक जलद झाले. काठ्या टाकायला गेला, तर बोटं उघडेनात. ठेका चढत गेला, मनगटं पेटली, बोटांच्या बेचक्यातून रक्त ओघळलं. मानेवर गार श्वास आला.

"ढिला... अजून ढिलाच..."

"भाऊजी!" मेव्हणा दारातून ओरडला. "केव्हाचा हाका मारतोय!"

काठ्या गळून पडल्या.

"माझ्या मागं... कुणी होतं?"

मेव्हण्यानं त्याच्याकडे बघायचं टाळलं. "चला इथून आधी."

मोठा ड्रम दोघांना उचलेना. एरवी ड्रमर तो एकटा खांद्यावर टाकायचा. जिन्यावर मेव्हण्याला धाप लागली. "आत माणूस भरलाय का?" म्हणाला, आणि त्याच्याच अंगावर काटा आला. "भाऊजी, राहू दे हा इथंच."

"माझा आहे तो!" ड्रमर खेकसला. "मास्तरांना जिवंतपणी नाही दिला, आता देतोय होय?"

घराच्या उंबऱ्यात ड्रम एकदम हलका झाला. इतका, की ड्रमरचा तोलच गेला.

बायको बाहेर आली, कपाळाला आठ्या. "कुणाला आणलंय बरोबर? माझ्याशी एक शब्द नाही, तडक आत गेले. नातीपाशी बसलेत."

आत डबा वाजत होता. ठेका जलद, आणखी जलद... मग थांबला.

ड्रमर धावत आत गेला. नात भिंतीला पाठ लावून एकटीच उभी होती, दोन्ही हात मागे लपवून.

"दाखव बघू हात, बाळा..."

तिनं मान हलवली.

"नको आजोबा. ते म्हणाले, आता हे माझे नाहीत."