साडेनऊचं शटर

शटर उघडायचीसुद्धा एक रीत असते, आणि समोरच्या घड्याळवाल्याला ती कुणी शिकवलीच नव्हती. मामाच्या मागे दुकान आयतं हाती आलेलं. येऊन तीन आठवडे झाले, पण एक दिवस म्हणून वेळ पाळली असेल तर शपथ! आज नऊला, उद्या पावणेअकराला, परवा मधेच कुठे जाऊन आला म्हणून पुन्हा बाराला. आणि उघडायचं कसं? तर कमरेत वाकायचं, खालची पट्टी धरायची आणि वैऱ्याला भिरकावावं तसं सगळं वर भिरकावायचं. खडखडखड धाड! वळचणीची कबुतरं उडून जायची. आत भिंतभर घड्याळं टांगलेली. शंभर घड्याळं, आणि हा बाबा एकाचंही ऐकेना.

त्या दिवशी ते 'धाड' झालं तेव्हा सोफेवाली तोंडात चार खिळे धरून एका खुर्चीची पाठ ठोकत होती. तिच्या कापायच्या टेबलाखाली चिंधी निजली होती. चिंधी म्हणजे तिची पिवळी कुत्री, चिंध्यांच्या ढिगात झोपते म्हणून चिंधी. आवाज झाला तशी ती वीतभर उडाली, गिऱ्हाइकाच्या मोतिया कापडात शिरली, आणि घाबरल्या जिवाच्या हातून जे व्हायचं ते त्या सात मीटर कापडावर झालं.

सोफेवालीने खिळे थुंकले आणि रस्ता ओलांडला. हातोडी हातात तशीच.

"अहो, शटर आहे का तोफ?"

तो वळला. डोळ्याला लावायचं भिंग कपाळावर ढकललेलं, केस विस्कटलेले. त्याने आधी हातोडी पाहिली, मग तिला पाहिलं… आणि मग पुन्हा हातोडी.

"घड्याळ फोडायचं असेल तर ते काम आम्ही घेत नाही बाई. फक्त जोडतो."

"डोकं जोडता का? कारण आता एक फुटणार आहे."

त्याला हसू आलं, आणि तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. मग तिने जे सुनावलं ते सगळ्या गल्लीने कामं थांबवून ऐकलं. त्याचं हसू हळूहळू मावळलं. ती दम घ्यायला थांबली तेव्हा त्याने एवढंच विचारलं, "कुत्री… आहे कुठे आता?"

"टेबलाखाली. थरथरतेय. येऊन बघायची गरज नाही!"

तो आलाच. दारातच उकिडवा बसला, आत आला नाही. अंधारात दोन डोळे चमकत होते. चिंधीला तिने सहा महिन्यांपूर्वी एका बंद पडलेल्या गोदामातून सोडवून आणलं होतं. गळ्याला साखळी होती, साखळीखाली जखम. तिथे शटर पडलं की माणूस गेला, पाणी गेलं, उजेड गेला, आणि परत कधी येईल त्याचा नेम नाही. एवढंच ती कुत्री आयुष्यात शिकली होती.

"पण तुमची हातोडी तर दिवसभर चालते," तो म्हणाला. "तिला नाही घाबरत?"

"हातोडीला कशाला घाबरेल? ठोकायच्या आधी मी 'हं' म्हणते. रोज त्याच जागी, त्याच हाताने ठोकते. तिला ठाऊक असतं कधी वाजणार ते. तुमचं काय? तुमचं तुम्हाला तरी ठाऊक असतं का?"

तेवढ्यावर निभावलं असतं, पण कापड बघायला दुपारी तिचा दादा आला. दुकान दादाच्या नावावर, कष्ट हिचे, आणि बोलायचा हक्क त्याचा! "पुरे झालं हे कुत्रीचं कौतुक," तो म्हणाला. "दोन महिने देतो. शटर वाजलं की हिचं हे असंच होणार असेल, तर माझ्या मित्राच्या गोदामात नेऊन बांधतो. राखण तरी करील."

"गोदामात? साखळीने?"

"मग काय पाळण्यात घालून?"

रात्रभर तिचा डोळ्याला डोळा लागला नाही, आणि सकाळी ती पुन्हा रस्ता ओलांडून गेली.

"साडेनऊ," ती घड्याळवाल्याला म्हणाली. "नऊ एकोणतीस नाही, नऊ एकतीस नाही. आधी टपरीत उभं राहून गप्पा हाणायच्या नाहीत. पहिला आठवडा शटर वीतभर वर न्यायचं आणि थांबायचं. मग दोन वीत, मग गुडघ्यापर्यंत. मी सांगेन तेव्हाच पूर्ण. रोज. रविवारीसुद्धा."

"रविवारी दुकान बंद असतं."

"बंद ठेवा की. शटर उघडा, आणि घरी जा."

"आणि जमलं नाही तर?"

"तर मी आहे, हातोडी आहे."

त्याने मान डोलावली. "हातोडी नसती तरी आलो असतो," असं काहीतरी तो पुटपुटला, पण तिने ऐकलं न ऐकल्यासारखं केलं.

झालं, नेम सुरू झाला. नऊला वाडगं, त्याच कोपऱ्यात. सव्वानऊला फेरी, त्याच बाजूने, नळापर्यंत जायचं आणि परत. साडेनऊला चिंधीला घेऊन ती उंबऱ्यात बसायची, म्हणायची, "आता वाजणार हं." समोर शटर खडखडायचं, आणि त्याच क्षणी चिंधीच्या तोंडात उकडलेल्या अंड्याची फोड. क्रम चुकवायचा नाही. पहिले पाच दिवस चिंधीने फोडीला तोंडही लावलं नाही, टेबलाखाली पळाली. सहाव्या दिवशी फोड तोंडात घेऊन पळाली.

"प्रगती आहे," समोरून आवाज आला.

"तुम्ही शटर धरा!"

एक गोष्ट मात्र त्याने आपल्या मनाने वाढवली. शटरला हात लावण्याआधी बोटाच्या पेराने त्यावर दोनदा वाजवायचा. टक… टक. कुणाच्या घरात शिरताना वाजवावं तसं, हळू. ती भांडायला उठलीच होती, पण चिंधीने त्या आवाजाला कान टवकारले, आणि भांडण गिळावं लागलं. गिळलेलं भांडण फार जड जातं हो. दिवसभर ती खुर्च्यांवर हातोडी जरा जोरातच आपटत होती.

एकदा पहाटेपासून पाऊस लागला होता, रस्त्यावर घोटाभर पाणी. ती मनात म्हणाली, आज काही हा येत नाही. नऊ अठ्ठाविसला कोपऱ्यावरून पळत आला. छत्री उलटी झालेली, सदरा अंगाला चिकटलेला, भुवयांवरून पाणी गळतंय. धापा टाकत त्याने टक-टक केलं, आणि वळून हिच्याकडे बघितलं. नुसतं बघितलं. तिने मान फिरवली, पण जरा उशिराच… आणि त्याचाच तिला राग आला.

"कुत्रीच्या कानांना बरं वाटायला लागलं," आत उशांचे अभ्रे शिवत बसलेली आत्या म्हणाली. "तुझे कान का लाल झाले गं?"

"उकडतंय."

"पावसात?"

"आत्या, टाके मोज!"

दुसऱ्या महिन्यात शटर पूर्ण वर जायला लागलं. चिंधी कुडकुडायची, पण उंबऱ्यातून हलायची नाही. मग कुडकुडणंही कमी झालं. तो कधी नऊ बत्तीसला आला तर ही गल्लीभर उद्धार करायची, आणि तो मुकाट ऐकायचा. एकदा म्हणाला, "तुम्ही चिडला नाहीत ना, की दिवसभर मला चुकल्यासारखं होतं." "मग चुकतच जा," ती म्हणाली, आणि दुकानात येऊन उगाच सरळ शिवण उसवत बसली.

असं करता करता दादाने दिलेली मुदत संपायची तारीख आली. दादा दहाला येणार होता. तिने अंडं उकडलं, वाडगं दिलं, फेरी मारली. साडेनऊला उंबऱ्यात बसली. "आता वाजणार हं," म्हणाली.

काहीच वाजलं नाही.

समोर सकाळपासून ताडपत्री टांगलेली होती, तिला वाटलं पावसासाठी; ती बाजूला झाली, आणि बघितलं तर शटरच नव्हतं! त्याच्या जागी काचेचं चकचकीत सरकतं दार. ते लोण्यातून सुरी जावी तसं बाजूला झालं, आणि आत हा उभा. बारशाला आल्यासारखं तोंडभर हसू.

"बघा! आवाजच नाही. काल दुपारपासून माणसं लावून बसवून घेतलं. तुम्ही नेमक्या कापड आणायला गेला होता म्हणून बरं! आता कुणाला घाबरायची गरजच उरली नाही."

चिंधीने कान टवकारले. दाराकडे बघितलं, हिच्याकडे बघितलं, पुन्हा दाराकडे. ज्याची वाट बघायची ते येईना. मग ती कण्हली, शेपूट पोटाशी घेतली, आणि महिन्याभरात गेली नव्हती त्या टेबलाखाली जाऊन बसली.

सोफेवाली उठली. रस्ता कसा ओलांडला तिचं तिला कळलं नाही.

"कुणाला विचारून?"

"अहो, तिला त्रास होऊ नये म्हणून…"

"त्रास कमी करा म्हणाले होते मी? त्रास ठरल्या वेळी द्या म्हणाले होते! दोन महिने ती कुत्री रोज मरणाला सामोरी बसली. बसायला शिकली. आणि तुम्ही ते मरणच काढून नेलंत? उद्या पलीकडच्या गल्लीत शटर वाजलं तर? जगातली सगळी शटरं काढणार आहात?"

"तुम्ही म्हणालात तर—"

"गप्प बसा! उपकार करायची हौस आहे नुसती. ज्याच्यावर करायचा त्याला विचाराल तर जीभ झडेल का?"

त्याचा चेहरा पडला. इतका पडला, की दुसऱ्या कुणाला दया आली असती. तिला नाही आली. निदान तशी दाखवली तरी नाही.

तेवढ्यात दोन गोष्टी एकदम झाल्या. गल्लीच्या टोकाने दादा दहाच्या आधीच आला, पिशवीत साखळी खुळखुळत. आणि जुनं शटर न्यायला भंगारवाल्याची हातगाडी आली. शटर भिंतीला टेकवून ठेवलेलं होतं, गुंडाळलेलं, दोन माणसांना न पेलणारं. गाडीवाल्यांनी ते खांद्यावर उचललं. आता ते गाडीवर आदळणार, आणि जो आवाज होणार तो साडेनऊच्या आवाजाचा थोरला भाऊ असणार, हे सगळ्यांना एकदमच कळलं.

"थांबा!" घड्याळवाला ओरडला. "उतरवा खाली. हळू!"

माणसं ओझ्याखाली वाकलेली तशीच थांबली. दादा उंबऱ्यापाशी आला. "का? पडू दे की. दोन महिने कुत्रीला अंडी चारलीस, बघू तरी."

ती रस्ता ओलांडून आपल्या दारात येऊन उभी राहिली. टेबलाखालचे डोळे तिला दिसत होते. नाही म्हणायला अर्धा क्षण पुरला असता. आज वाचली असती चिंधी, आणि जन्मभर टेबलाखाली राहिली असती.

तिने समोर बघितलं. घड्याळवाला गाडीपाशी उभा होता, बोटाचं पेर गाडीच्या फळीवर टेकवून. वाजवत नव्हता. तिच्याकडे बघत होता… विचारत होता. त्या माणसाने पहिल्यांदाच काही करण्याआधी विचारलं होतं.

तिने मान डोलावली.

"चिंधे," ती म्हणाली, आवाज कापू न देता. "आता वाजणार हं."

टक… टक.

आणि शटर पडलं. दुकानातली कात्री टेबलावरून खाली आली. आत्याच्या तोंडून "अगं आई गं" निघालं. दादाने स्वतःच कानांवर हात ठेवले. टेबलाखालून एक पिवळी रेघ सुटली. गेली, पळाली!

चिंधी उंबऱ्यापर्यंत आली. आपल्या जागेवर बसली. नखशिखांत थरथरत होती, पण बसली होती. आणि मान वर करून तिने तोंड उघडलं. झालं ना वाजून? मग माझं अंडं कुठे?

सोफेवालीने अंडं घाईघाईने सोललं, फोडी करत बसली नाही. तिने अख्खं अंडं दिलं.

दादाने कानांवरचे हात काढले. मग साखळी पिशवीत खाली दाबत म्हणाला, "राहू दे तिला. पण कुत्रीला अंडं आणि भावाला चहासुद्धा नाही, हे बरं आहे." आत्या त्याला आत घेऊन गेली, आणि जाताना दार मुद्दाम अर्धं लोटून गेली.

गाडी खडखडत निघून गेली. चिंधी उंबऱ्यातच अंडं खात राहिली. घड्याळवाला रस्ता ओलांडून आला, दोन हात लांब थांबला.

"चुकलो," तो म्हणाला. "मला वाटलं, तुम्ही खूश व्हाल. एक दिवस तरी न चिडता बघाल माझ्याकडे."

"मग? बघितलं?"

"नाही. पण… तुम्ही साडेनऊला इथे बसत होता ते कुत्रीसाठी, हे मला माहीत आहे. मी वेळेवर येत होतो ते मात्र कुत्रीसाठी नव्हतं."

अंड्याची टरफलं मुठीत होती, ती मूठ तिने घट्ट आवळली. टरफलं टोचली तरी सोडवेना.

"आता न विचारता काही करणार नाही," तो हळूच म्हणाला. "म्हणून विचारतो. माझ्याशी—"

"थांब. पुढचं मला कळलं," ती म्हणाली. गाल तापले होते, आवाज अजून भांडणाचाच होता. "आधी माझं ऐक. मनाने चांगला आहेस तू, पण न विचारता चांगला आहेस, आणि असा माणूस घरात दगडापेक्षा जड होतो. काही चांगलं करायची लहर आली, की आधी माझ्याकडे यायचं, विचारायचं, आणि मी नाही म्हटलं तर तोंड पाडून बसायचं नाही. एवढं जमलं तर करीन मी तुझ्याशी लग्न. आणि नाही जमलं, तरी करीन. पण मग जन्मभर बोलणी खाशील!"