उजवीकडचा दरवाजा

शेवटच्या थांब्यावर गाडी रिकामी झाली. मागच्या दरवाजाजवळच्या सीटवर एक करडा कोट आणि काठी तेवढी उरली. माणूस नव्हता.

पोलीस निरीक्षकबाई पोचल्या तेव्हा दुपार कलली होती. आजारी आईच्या उशाशी रात्र काढून त्या तशाच ड्यूटीवर आल्या होत्या. डोळ्यांत वाळू गेल्यासारखं होत होतं. समोर एक लांब फलाट, एक शेड आणि वाऱ्यावर हलणाऱ्या विजेच्या तारा. शहरातल्या रस्त्यांवरून ट्राम म्हणून निघालेली गाडी अर्ध्या वाटेत रेल्वेच्या रुळांवर चढायची आणि उपनगरं मागे टाकत इथवर यायची.

हरवलेल्या आजोबांची सून कोट छातीशी धरून बाकावर बसली होती. तिचा नवरा, म्हणजे आजोबांचा मुलगा, लिफ्ट दुरुस्तीचं काम करायचा. तो गाडीच्या चालकावर तोंड सोडत होता.

"चालत्या गाडीतून माणूस गायब होतोच कसा? डोळे मिटून गाडी हाकता काय?"

"दादा, आवाज जरा खाली," निरीक्षकबाई म्हणाल्या. "आजोबांना गाडीत कुणी बसवलं?"

"मीच. शहरात डॉक्टरांना दाखवलं. मला पुढे कामावर जायचं होतं. बाजारचौकाच्या थांब्यावर बाबांना बसवून दिलं. ही इथे उतरवून घेणार होती."

"नेमकं कुठे बसवलं?"

"कोट सापडला तिथेच. दरवाजाला लागून. दोन पावलं टाकली तरी त्यांना धाप लागते. बसवलं, काठी हातात दिली, उतरलो."

"एकट्यानं पाठवण्याइतकं भान असतं त्यांना?"

मुलानं मान वळवली. उत्तर सुनेनं दिलं.

"कधी असतं, कधी नसतं. एरवी मीच नेते. आज हे म्हणाले, तू जरा पाठ टेक, मी नेतो. किती दिवसांनी झोपले असेन!"

"तुम्ही कधी येता का या गाडीनं?" बाईंनी मुलाला विचारलं.

"मी मोटारसायकलवाला. या डब्यात कोण ताटकळत बसणार?"

बाईंनी कोट मागून घेतला. अस्तरावर लाल दोऱ्यानं पत्ता आणि फोन नंबर शिवलेला होता. खिशात कानाचं यंत्र होतं.

"पत्ता तुम्ही शिवलात?"

"हो. मागे एकदा वाट चुकले होते. कोटाशिवाय मी त्यांना उंबऱ्याबाहेर पाऊल टाकू देत नाही." सुनेनं यंत्राकडे बोट केलं. "आणि यंत्र काढलं की त्यांना ढगांचा गडगडाटसुद्धा ऐकू येत नाही."

"घरातून आणखी काही गेलंय?"

"नाही... म्हणजे, यांचा निळा स्वेटर सकाळपासून दिसत नाही. मीच कुठेतरी ठेवला असेल. हल्ली माझंच डोकं ठिकाणावर नसतं."

बाई उठल्या. पाय सुजले होते. फलाटावरून त्या गाडीत शिरल्या, डब्याच्या पुढच्या टोकाला गेल्या आणि दरवाजाचं बटण दाबलं. दरवाजा ढिम्म.

"तो इथे उघडायचा नाही, बाई," चालक मागून म्हणाला. "पुढचा डावा दरवाजा फक्त शहरात उघडतो, फुटपाथच्या बाजूनं. रुळांवर आलो की उंच फलाट उजवीकडे. तिथे मागचा उजवा."

"शहर सोडल्यावर फलाट किती?"

"हा धरून चार. आधी खाण, मग इस्पितळ, मग गोदाम. आरशात बघूनच मी दरवाजे लावतो. एवढा थकलेला माणूस उतरताना मला दिसला असता."

बाई डब्यात उभ्या राहिल्या. पुढचा दरवाजा एका टोकाला, कोटाची सीट पार दुसऱ्या टोकाला. त्यांनी एक उसासा सोडला. कोडं सुटल्याचा आनंद काही होईना.

शेडमध्ये येऊन त्यांनी मुलाला आणि सुनेला समोर बसवलं. त्यांच्याबरोबर आलेला लंबू हवालदार दाराशी उभा राहिला.

"आजोबा या गाडीत चढलेच नाहीत," बाई म्हणाल्या.

"मी स्वतः बसवलं म्हणतो ना!"

"बाजारचौकात पुढचा डावा दरवाजा उघडतो. दोन पावलांत धाप लागणाऱ्या बापाला दरवाजालगत बसवलं असतंत, तर तो पुढे असता. कोट सापडला मागे, उजव्या दरवाजापाशी. तो दरवाजा शहरात उघडतच नाही. म्हणजे कोट ठेवणारा शहराबाहेरच्या फलाटावर चढला, कोट आणि काठी सीटवर टाकली आणि दार लागायच्या आत उतरला. नेहमी गाडीनं येणाऱ्याची ही चूक झाली नसती. मोटारसायकलवाल्याची झाली."

मुलाचा चेहरा उतरला. सून उभी राहिली होती.

"ज्या कोटात पत्ता, तोच काढून घेतला. ज्या यंत्रानं लोकांचे प्रश्न ऐकू यावेत, तेही काढलं. मला वाटलं, खाणीत ढकललं की काय. पण स्वेटर गेलाय. जिवावर उठलेला माणूस बापाला ऊब देत नाही." बाईंनी चष्मा काढून डोळे चोळले. "इस्पितळात आहेत ना?"

मुलानं मान डोलावली.

"घरचं माणूस बरोबर असलं की ते ठेवून घेत नाहीत," तो म्हणाला. "तीनदा परत पाठवलं. म्हणे, घरी सांभाळा. बेवारस असला तर मात्र वॉर्ड आहे. हिची कंबर गेली, बाई. रात्रभर बाबा हाका मारतात. हिला विचारलं असतं तर ही मेली तरी हो म्हणाली नसती."

"म्हणून तू त्यांना बेवारस केलंस?" सुनेनं विचारलं. ती ओरडली नाही. "आणि मला सकाळी झोप म्हणालास, ते यासाठी?"

बाईंनी हवालदाराला जीप काढायला सांगितली.

इस्पितळाच्या बाह्यरुग्ण विभागात गर्दी ओसरली होती. कोपऱ्यातल्या बाकावर निळ्या स्वेटरातले आजोबा गुडघ्यांवर हात ठेवून बसले होते. स्वेटर गळ्यापर्यंत नीट ओढलेला होता. परिचारिका हताशपणे म्हणाली, "नाव विचारून थकले. सगळ्यांना एकच सांगतात."

मुलगा दारातच थबकला. हवालदारानं त्याचं मनगट धरलं होतं. आजोबांचं तिकडे लक्ष नव्हतं. बाईंचा गणवेश दिसताच ते, कमी ऐकू येणारे बोलतात तसे, मोठ्यांदा म्हणाले,

"माझा मुलगा आलोच म्हणून गेलाय. त्याला रागावू नका हं. दमतो फार."