कोर्टाचा कमिशनर आणि कुंताची टपरी

पळसफाट्यावर एस.टी. थांबली आणि काळा कोट हातावर टाकलेला एक तरुण उतरला. कुंताच्या कढईत नेमके तेव्हाच आलुबोंडे फुगून वर आले होते.

"दोन द्या," तो म्हणाला. "मिरच्या जास्त."

गरम बोंडा तो तोंडाजवळ नेणार, तोच मागून गिरजाबाईंनी लेकीला हाक मारली, "कुंता, पाणी आणलं का वं?"

त्याचा हात तिथेच थांबला.

"कुंता... म्हणजे केसच्या कागदातली, सोमाजी रामटेक्यांची पोरगी?"

"हो. काऊन?"

त्याने बोंडा खाली ठेवला. "मी वकील, देवराव दुर्गे. कोर्टाचा कमिशनर. तुमच्याच टपऱ्या पाहाले आलो. केस चालू हाय तवर मले इथलं खाता येत नाई."

"विकत घेऊन बी?"

"विकत घेऊन बी."

"मंग वास कसा घेऊन राह्यले?"

देवराव कानापर्यंत लाल झाला.

शहाऐंशी सालचा फाल्गुन होता. टपऱ्यांमुळे एस.टी. नीट वळत नाही, म्हणून ग्रामपंचायतीने त्या उठवायचं ठरवलं होतं. टपरीवाल्यांनी वरोऱ्याच्या कोर्टातून स्टे आणला. मग जागा खरी कशी आहे ते पाहून यायला कोर्टाने या नव्या वकिलाला पाठवलं. सोमाजी गेल्यापासून मायलेकींचं पोट त्या टपरीवरच होतं.

देवरावने उन्हात टेप लावून सगळं मोजलं. येणारी प्रत्येक बस कशी वळते तेही बघत उभा राहिला. कुंता झारा हातात धरून त्यालाच बघत होती.

"वकीलसाहेब, केसात पळसाचं फूल अडकलं..."

"राहू द्या. ते तरी कोणत्या बाजूचं नाई."

ती हसली. मग हळूच म्हणाली, "आमची टपरी वाचन का?"

"ते जजसाहेब सांगन. मी फक्त दिसलं ते सांगीन."

"आन काय दिसलं?"

त्याने तिच्याकडे पाहिलं... जरा जास्तच वेळ. "बरंच काही," म्हणाला आणि घाईने टेप गुंडाळू लागला.

कोर्टात पंचायतीच्या वकिलाने त्याला सरळ विचारलं, "टपऱ्या रस्त्यात आहेत की नाहीत?"

"आहेत."

कुंताने चमकून वर पाहिलं. ज्याच्यासाठी चार रात्री झोप नव्हती, त्यानेच... तिने मान खाली घातली.

मग टपरीवाल्यांचे वकील उठले. "मागे सरकवल्या तर?"

"मागे पंचायतीचीच पडीक जागा आहे. टपऱ्या तिथे गेल्या, तर एस.टी. आरामात वळेल. मी स्वतः उभं राहून पाहिलंय."

जजसाहेबांनी सरपंचाकडे पाहिलं. सरपंचांनी डोकं खाजवलं, शेजाऱ्याशी कुजबुजले आणि जागा भाड्याने द्यायला कबूल झाले. त्याच दिवशी समझोता झाला.

व्हरांड्यात कुंता त्याच्यासमोर उभी राहिली. "मले वाटलं, तुमी आमाले बुडवलं."

"खोटं बोललो असतो, तं पुढच्या साली पुन्हा नोटीस आली असती."

"एवढा पुढचा इचार करता?"

"करतो..." तो म्हणाला आणि पुढचं वाक्य गिळून टाकलं.

टपऱ्या हलवायच्या दिवशी फाट्यावर जत्रा भरल्यागत गर्दी झाली. अख्खी टपरी चार कोपऱ्यांनी उचलायची होती. एका कोपऱ्याला कुंता, दोन कोपऱ्यांना पानठेलेवाले गुलाबभाऊ आणि त्यांचा भाऊ. चौथ्या कोपऱ्याला कोण, म्हणून कुंताने वाकून पाहिलं, तर बाह्या वर केलेला देवराव.

"कुंता," टपरी अधांतरी असतानाच तो बोलला, "आता मी कमिशनर नाई."

"मंग कोण हाय?"

"तेच इचाराले आलो. रविवारी मायले घेऊन घरी येऊ का?"

टपरी एका बाजूला कलली. गुलाबभाऊ ओरडले, "अरे बाप्पा, आधी टपरी तं सरकवा! लगनाचं मंग पाहा!"

सगळे खो खो हसले आणि टपरी मागे सरकू लागली. गिरजाबाई पदर तोंडाला लावून पाठमोऱ्या झाल्या. त्यांचे खांदे मात्र हसण्याने हलत होते.

"रविवारी नका येऊ," कुंता म्हणाली.

देवरावचा चेहरा उतरला. "काऊन?"

"लई दूर हाय रविवार..." तिने पत्र्याआड तोंड लपवलं. "उद्याच या."

देवरावच्या हातातला कोपरा सुटला आणि टपरी धपकन खाली आली — नेमकी ठरलेल्या जागी.