रिकाम्या थिएटरातला खेळ

उद्या वितरक सिनेमा पाहायला येणार, म्हणून बंद पडलेल्या त्या थिएटरात ताई आणि धाकटी भर दुपारी पडदा नि आवाज तपासायला आल्या होत्या. एवढंच काम. ताई निर्माती, तिची धाकटी बहीण संकलक. ताईचे आधीचे सिनेमे कुणी दाखवलेच नाहीत, डब्यात गेले ते गेलेच. या सिनेमासाठी तिने जिवाचं रान केलं होतं. सकाळपासून तिचा पाय जमिनीवर ठरत नव्हता.

"बाप लेकीच्या दाराशी येतो आणि बेल न वाजवताच परत जातो, तो सीन कापूया," धाकटी पुन्हा म्हणाली. "लोक कंटाळतील गं."

"मोठ्या पडद्यावर बघू तर दे आधी!"

वरच्या केबिनमधून ऑपरेटरकाकांनी दिवे मालवले. ओलसर गालिच्याचा, कोंदट धुळीचा वास अंधाराबरोबर दाटून आला. पडदा उजळला.

पहिल्या विनोदाला मागून कुणीतरी हसलं.

पुढच्याला सगळं थिएटर हसलं.

धाकटीने ताईचं मनगट गच्च धरलं. "स्पीकरमधून येतंय... हो ना? काका, आवाज बंद करा!"

पडद्यावरची माणसं मुकी झाली. हसू ओसरलं. मग मागे कुजबुज सुरू झाली... बूट आपटले गेले... एक नाराज शिट्टी आली.

"ताई... चल ना बाहेर..."

ताई ताडकन उभी राहिली. भीतीने नव्हे, आनंदाने तिचा ऊर धपापत होता. "काका, आवाज द्या! लोकांना ऐकू येत नाहीये!"

बापाचा सीन आला तेव्हा टाचणी पडली तरी ऐकू आली असती. मग अगदी जवळून हुंदका आला. धाकटीने डोळे मिटून घेतले. ताईने मात्र तिच्या कानाशी तोंड नेलं, "ऐकलंस? आता कापशील?"

सिनेमा संपला. दिवे लागले. कुणीही नव्हतं. फक्त स्प्रिंगच्या खुर्च्या, माणूस उठल्यावर मिटतात तशा, दाराच्या दिशेने एकेक करत खाडकन मिटत गेल्या. ताईच्या शेजारची तेवढी उघडीच राहिली.

ताई त्या खुर्चीकडे वाकली. "आवडला?" तिने हळूच विचारलं.

दुसऱ्या दिवशी वितरकाने सिनेमा घेतला, बापाच्या सीनसकट. पण खेळ सुरू व्हायच्या आधी तो त्याच उघड्या खुर्चीत बसायला वाकला होता. वाकला आणि दचकून सरळ झाला.

"माफ करा हं, लक्ष नव्हतं माझं," तो खुर्चीला म्हणाला आणि एक जागा सोडून पलीकडे बसला.